घरातील जमिनीचा काँक्रीट कोबा स्वतः घालताना

गावाकडच्या घराला नवी खोली जोडली जाते, शेणाने सारवलेली पडवी पक्की करायची ठरते किंवा धान्याची पोती ठेवण्यासाठी कोरडी जमीन हवी असते, तेव्हा गवंडी मिळेपर्यंत थांबण्यापेक्षा हे काम घरच्या चार माणसांनी करावे, असा विचार पुष्कळांच्या मनात येतो. तो विचार चुकीचा नाही. जमिनीवर टेकलेला काँक्रीटचा कोबा हे नवख्या माणसाच्या आवाक्यातले काम आहे, मात्र त्यासाठी त्यातील कष्टाची वाटणी आधी नीट समजून घ्यावी लागते. प्रत्यक्ष काँक्रीट ओतण्याचे काम दोन फेऱ्यांत आटोपते, पण कोबा टिकणार की दोन वर्षांत खचणार, हे ओतण्याआधीच्या भरणीत आणि ओतल्यानंतरच्या पाण्यात ठरते. नवखे लोक नेमकी हीच दोन टोके घाईने उरकतात.

पुढील सर्व माहिती केवळ तळमजल्यावरील, खाली पक्की भरणी असलेल्या जमिनीसाठी आहे. वरच्या मजल्याचा स्लॅब, छत, पाण्याच्या किंवा शौचखड्ड्याच्या टाकीवरचे झाकण यांपैकी कोणतेही काम अभियंत्याच्या आराखड्याशिवाय करू नये, कारण तेथे काँक्रीट अधांतरी असते आणि चूक झाल्यास तडा जाऊन भागत नाही, जीव जातो. हिशेब सोपा जावा म्हणून येथे १० फूट बाय १२ फूट मापाची खोली आणि ४ इंच जाडीचा कोबा असे उदाहरण धरले आहे.

भरणी

जोत्याच्या आत काय भरले आहे, हा पहिला प्रश्न. विदर्भ, मराठवाडा आणि पश्चिम महाराष्ट्राच्या बऱ्याच भागांत पायाचे खोदकाम करताना निघालेली काळी माती तशीच जोत्यात परत लोटण्याची सवय दिसते, कारण ती फुकट असते आणि बाहेर वाहून न्यायचा खर्च वाचतो. ही बचत फार महागात पडते. काळी माती पावसाळ्यात पाणी पिऊन फुगते आणि उन्हाळ्यात आक्रसून तिला भेगा पडतात, त्यामुळे तिच्यावरचा कोबा दरवर्षी थोडा उचलला जातो आणि थोडा खाली बसतो, आणि असे वरखाली होणे चार इंचांचे काँक्रीट फार काळ सोसत नाही. म्हणून खोलीत काळी माती असल्यास ती किमान दीड फूट खोलीपर्यंत काढून टाकावी आणि त्या जागी मुरूम भरावा. कोकणात जांभ्याचा मुरूम सहज मिळतो, तो चांगला चालतो. मुरमात झाडांची मुळे, कचरा किंवा प्लास्टिक असू नये.

दीड फूट भरणीसाठी आपल्या खोलीत १८० घनफूट दाबलेला मुरूम लागतो. सुटा मुरूम दाबल्यावर बसतो, हे लक्षात घेऊन सव्वादोन ब्रास मागवावा. एक ब्रास म्हणजे १०० घनफूट. हा मुरूम एकदम न टाकता सहा-सहा इंचांच्या थरांनी पसरावा, प्रत्येक थरावर पाणी शिंपडावे, पाणी मुरू द्यावे आणि मग धुम्मसने, म्हणजे जमीन ठोकण्याच्या जड दांड्याच्या साधनाने, ठोकावे. भाड्याने मिळणारे कॉम्पॅक्टर यंत्र आणले तर दोन दिवसांचे काम अर्ध्या दिवसात होते आणि ते अधिक चांगलेही होते. ठोकताना मधला भाग सगळेच मन लावून ठोकतात, पण भिंतीलगतची वीतभर पट्टी आणि चारही कोपरे सुटतात, कारण तेथे हात नीट फिरत नाही. पुढे कोबा खचतो तो बहुधा तेथेच, आणि भिंत व जमीन यांच्यामध्ये मुंग्या-झुरळांना राहायला फट तयार होते. थर नीट बसला की नाही हे पाहण्यासाठी टाचेवर पूर्ण भार देऊन चालून पाहावे आणि १२ मिलिमीटरची सळई हाताने दाबून पाहावी. टाचेचा ठसा उमटला किंवा सळई सहज आत गेली, तर वरचा थर टाकू नये. घाई नसेल तर खोलीवर छप्पर पडण्याआधी भरणीवरून एक पावसाळा जाऊ द्यावा, ही जुनी पद्धत आजही सर्वांत स्वस्त आणि खात्रीची आहे.

मुरमाची भरणी पूर्ण झाली की वाळवीप्रतिबंधक औषध मारण्याची वेळ असते, नंतर ती संधी मिळत नाही. ही औषधे विषारी असतात, त्यामुळे हा एक भाग परवानाधारक माणसाकडून करून घ्यावा.

त्यावर नऊ इंचांचे सोलिंग, म्हणजे हाताने रचलेल्या दगडांचा थर, येतो. दगड नुसते ओतून चालत नाही, एकेक दगड हाताने रुंद बाजू खाली ठेवून शेजारच्याला भिडवून बसवावा लागतो आणि मधल्या फटींत हातोड्याने चिपा ठोकाव्या लागतात. उरलेल्या पोकळ्या मुरमाने भरून, पाणी मारून पुन्हा धुम्मस फिरवावी. आपल्या खोलीला सुमारे ९० घनफूट, म्हणजे ब्रासला थोडे कमी दगड लागतील. सोलिंगवर साधारण इंचभर कच, म्हणजे दगडाचा बारीक चुरा, पसरून दाबावी, कारण तिच्यावर पॉलिथिनचा जाड कागद अंथरायचा असतो आणि दगडांच्या टोकांनी तो फाटतो. हजार गेजचा, म्हणजे २५० मायक्रॉनचा कागद घ्यावा, दोन पट्ट्या एकमेकींवर वीतभर चढवाव्यात आणि कडा भिंतीवर चार-पाच इंच वर घ्याव्यात. पावसाळ्यात जमिनीला ओल येऊन धान्याची पोती खालून काळी पडतात, त्यावर हाच उपाय आहे. कोकणात तर तो टाळूच नये.

मोरीचा पाईप, विजेची नळी, पुढेमागे लागेल असे वाटणारी पाण्याची वाहिनी, हे सगळे कागद अंथरण्यापूर्वी जागेवर बसलेले असावे.

पातळी आणि वाट

पातळी काढण्यासाठी महागड्या यंत्राची गरज नाही. पाणी भरलेला पारदर्शक लेव्हल पाईप पुरतो, फक्त त्यात हवेचा बुडबुडा अडकलेला नाही ना, हे पाहून घ्यावे. दोन्ही टोके शेजारी धरली असता पाणी एकाच उंचीवर दिसले, तर पाईप ठीक आहे. उंबरठ्याजवळ कोब्याचा तयार माथा कोठे हवा ते ठरवावे, त्यापासून बरोबर तीन फूट वर भिंतीवर खूण करावी आणि पाईपच्या साहाय्याने तीच खूण चारही भिंतींवर नेऊन रंगीत दोऱ्याने रेघ मारावी. आता या रेघेपासून खाली कोठेही तीन फूट मोजले की कोब्याचा माथा मिळतो, आणि तीन फूट चार इंच मोजले की काँक्रीटचा तळ. दहा-बारा ठिकाणी मोजून पाहावे. जेथे जाडी चार इंचांपेक्षा कमी भरत असेल, तेथे भरणी खरवडून काढावी. वर काँक्रीट चढवून पातळी साधायला जाऊ नये, कारण जाडी बदलते तेथे तडा जातो.

खोलीत जमीन सपाट ठेवतात. मोरीत मात्र पाणी जाण्याकडे फुटाला दीड सूत वाट, म्हणजे उतार, द्यावी आणि उघड्या पडवीत अंगणाच्या दिशेने फुटाला एक सूत पुरते. इंचाचे आठ सूत होतात, त्यामुळे आठ फूट रुंद पडवीची बाहेरची कड आतल्या कडेपेक्षा इंचभर खाली येईल. ही वाट भरणीतच काढलेली असावी, म्हणजे काँक्रीटची जाडी सगळीकडे सारखी राहते.

सामान आणि त्याचे हिशेब

घरातील कोब्यासाठी एक भाग सिमेंट, दोन भाग वाळू आणि चार भाग खडी हे प्रमाण योग्य आहे. यालाच ठेकेदार एम १५ म्हणतात. जेथे ट्रॅक्टर किंवा गाडी उभी राहणार आहे, तेथे एकास दीड आणि तीन हे प्रमाण घ्यावे, जाडी सहा इंच करावी आणि सळईची जाळी टाकावी. राहत्या खोलीत भरणी पक्की असेल तर जाळीची गरज नसते.

सिमेंटची ५० किलोची गोणी मापाने सुमारे ३५ लिटर भरते. म्हणून ३५ लिटरचा लाकडी किंवा पत्र्याचा फरमा करून घ्यावा. आतून ३० सेंटिमीटर लांब, ३० रुंद आणि ३९ उंच असा फरमा त्या मापाचा होतो. एका गोणीला दोन फरमे वाळू आणि चार फरमे खडी असे सरळ गणित मग उरते. घमेल्याने अंदाजे टाकत गेल्यास, सकाळी भरलेले घमेले आणि दुपारी थकलेल्या हाताने भरलेले घमेले यांत बराच फरक पडतो.

एका गोणीत या प्रमाणाने सुमारे साडेपाच घनफूट काँक्रीट तयार होते आणि ते चार इंच जाडीने १६ ते १७ चौरस फूट जागा व्यापते. आपल्या १२० चौरस फुटांच्या खोलीला त्यानुसार सात गोण्यांपेक्षा किंचित जास्त सिमेंट लागेल, तेव्हा आठ आणाव्यात. खडी सुमारे ३५ घनफूट आणि वाळू १८ घनफूट लागते, थोडी सांड धरून खडी ४० आणि वाळू २० घनफूट मागवावी. मिक्सर न वापरता हाताने माल कालवायचा असेल तर दहा टक्के सिमेंट जास्त घालावे, कारण हाताने मिश्रण तितके एकजीव होत नाही. माझे मत विचाराल तर अर्ध्या गोणीचा छोटा मिक्सर भाड्याने आणावाच. या एका खोलीतले काँक्रीट जवळपास पावणेतीन टन भरते, आणि ते फावड्याने तीन वेळा कोरडे व तीन वेळा ओले उलथायचे म्हणजे काय, हे कागदावरच्या आकड्यांवरून लक्षात येत नाही.

गोणीवर आठवडा आणि वर्ष छापलेले असते. तीन महिन्यांपेक्षा जुने किंवा हाताला खडे लागणारे सिमेंट घेऊ नये. खडी २० मिलिमीटरची घ्यावी आणि तिला माती चिकटलेली असल्यास पाण्याने धुवावी. वाळूची परीक्षा बाटलीत करता येते. पारदर्शक बाटली अर्धी वाळूने भरावी, पाणी आणि चमचाभर मीठ घालून जोरात हलवावी आणि दोन-तीन तास स्थिर ठेवावी. वाळूच्या वर गाळाचा वेगळा थर बसतो. तो वाळूच्या उंचीच्या बाराव्या भागापेक्षा जाड असेल तर वाळू धुऊन घ्यावी किंवा परत पाठवावी. खाडीची खारी वाळू कितीही स्वस्त मिळाली तरी वापरू नये, ती ओल धरते, वर पांढरी बुरशी आल्यासारखे क्षार फुटतात आणि सळई असेल तर ती गंजते. नदीच्या वाळूऐवजी आता बहुतेक ठिकाणी क्रश सँड, म्हणजे दगड भरडून केलेली वाळू, मिळते. ती चालते, पण प्लास्टरची बारीक न घेता काँक्रीटची जाड घ्यावी.

पाणी

सगळ्यात जास्त नुकसान येथे होते, म्हणून थोडे थांबतो. एका गोणीला जास्तीत जास्त ३२ लिटर पाणी ही या प्रमाणाची मर्यादा आहे, आणि वाळू ओली असेल तर तिच्यातले पाणीही याच ३२ लिटरमध्ये धरायचे असते. दोन फरमे दमट वाळूत सहज पाच लिटर पाणी असते. असे मोजून कालवलेले काँक्रीट घट्टसर दिसते, घमेल्यातून आपोआप वाहत नाही, फावड्याने ओढावे लागते, आणि मग कोणीतरी म्हणतेच, की अजून एक बादली घाला, काम हलके होईल. काम हलके होते हे खरे आहे. पण सिमेंटला रासायनिक क्रियेसाठी लागते त्यापेक्षा जास्त असलेले पाणी पुढे उडून जाते, त्याच्या जागी बारीक पोकळ्या उरतात, काँक्रीट आक्रसून भेगा पडतात आणि पृष्ठभागाची पावडर सुटू लागते. झाडताना रोज धूळ निघणारे कोबे पाहिले असतील, त्यांत बहुधा ती एक बादली असते. मिश्रण मुठीत दाबून पाहावे. गोळा व्हावा, बोटांमधून पाणी गळू नये आणि तळहाताला सिमेंटचा पातळ लेप लागावा.

ओतणे

आख्खी खोली एका दमात ओतू नये. १० बाय १२ च्या खोलीचे ५ बाय ६ फुटांचे चार भाग पाडावेत आणि तिरपे समोरासमोर असलेले दोन भाग आधी ओतावेत. दारालगतचा भाग दुसऱ्या फेरीसाठी राखावा. दोन दिवसांनी, तयार भागावर फळ्या टाकून, उरलेले दोन ओतावेत. यात दोन फायदे आहेत. काँक्रीट वाळताना आक्रसतेच, ते थांबवता येत नाही, पण सांधे आधीच ठेवले तर ते वाटेल तेथे न फुटता सांध्यात उघडते. दुसरे म्हणजे नवख्या माणसांना एका वेळी ६० चौरस फूट, म्हणजे चार गोण्यांचेच काम उरते, आणि घोटाईला हातात वेळ राहतो.

भागांच्या कडेला चार इंच उंचीच्या सरळ फळ्या उभ्या कराव्यात. त्या टिकवण्यासाठी खुंट्या ठोकल्यास खालचा कागद फाटतो, म्हणून बाहेरच्या बाजूने सिमेंटच्या मालाचे गोळे लावून आदल्या दिवशीच त्या पक्क्या कराव्यात. भिंतीलगत अर्धा इंच जाडीची थर्माकोलची पट्टी लावावी. दुसऱ्या फेरीत फळ्या काढल्यावर उघड्या पडलेल्या कडेला प्लास्टिकची पट्टी चिकटवावी, म्हणजे नवे काँक्रीट जुन्याला धरून बसत नाही.

मिक्सरमध्ये आधी थोडे पाणी, मग खडी, वाळू, सिमेंट आणि शेवटी उरलेले पाणी घालून किमान दोन मिनिटे फिरवावे. पाणी घातल्यापासून अर्ध्या तासात माल जागेवर पडला पाहिजे. घट्ट होऊ लागलेल्या मालात पुन्हा पाणी घालून तो सैल करू नये, सरळ बाजूला टाकावा. लांबच्या कोपऱ्यापासून ओतत यावे, घमेले खाली वाकून रिकामे करावे आणि ढीग फावड्याने लांब ओढत न नेता जवळजवळ टाकावेत, नाहीतर खडी एकीकडे आणि पाणी दुसरीकडे जाते. कोपऱ्यांत आणि फळ्यांलगत थापीने किंवा सळईने खोचून माल बसवावा. मग दोन माणसांनी ॲल्युमिनियमची पट्टी समोरासमोरच्या कडांवर टेकवून, करवत चालवावी तशी आडवी मागेपुढे करत आपल्याकडे ओढत आणावी. भिंतीच्या बाजूला फळी नसते, तेथे थर्माकोलची पट्टी नेमकी कोब्याच्या माथ्याइतकी कापलेली असेल तर पातळी चटकन कळते. पट्टीखाली खड्डा दिसला तर तेथे काँक्रीटच टाकावे, सिमेंटचे पातळ पाणी नव्हे. पट्टी फिरली की लगेच लाकडी रंधा, म्हणजे पृष्ठभाग सारखा करण्याची मुठीची फळी, एकदा गोल फिरवून खडी खाली दाबावी, आणि मग थांबावे.

हे थांबणे अवघड असते. थोड्याच वेळात पृष्ठभागावर पाणी येऊन तो चमकू लागतो, कारण जड कण खाली बसत असतात आणि पाणी वर येत असते. अशा वेळी पाणी दिसले म्हणून वर कोरडे सिमेंट भुरभुरायचे आणि लगेच घोटायचे, ही सर्रास चालणारी रीत वाईट आहे. वर पातळ, कमजोर पापुद्रा तयार होतो आणि काही महिन्यांत त्यावर कोळ्याच्या जाळ्यासारख्या बारीक भेगा उमटतात. चमक आपोआप जाऊ द्यावी. वैशाखात हे तासाभरात होते, थंडीत तीन-चार तासही लागतात. अंगठा दाबल्यावर हलका ठसा उमटतो पण अंगठ्याला पाणी लागत नाही, ही घोटाईची वेळ. आधी रंधा, मग पत्र्याचा गुरमाळा, म्हणजे घोटण्याची सपाट थापी, जवळजवळ सपाट धरून फिरवावा, अर्ध्या-पाऊण तासाने पुन्हा एकदा, या वेळी कड किंचित उचलून आणि जोर देऊन. गुरमाळ्याचा आवाज खरखरीचा बदलून खणखणीत होऊ लागला की पृष्ठभाग बंद झाला. मोरीत आणि पडवीत मात्र एवढी गुळगुळीत घोटाई करू नये, पाय घसरतो. तेथे रंध्याची खरबरीत छटाच ठेवावी. लाल रंगाचा चकचकीत कोबा हवा असेल तर ते कसबी कारागिराचे काम आहे, पहिल्या प्रयत्नात त्याच्या नादी लागू नये.

ओले सिमेंट कातडी जाळते, आणि ते जळणे लगेच जाणवत नाही. गमबूट आणि रबरी हातमोजे वापरावेत, ओल्या काँक्रीटवर गुडघे टेकून बसू नये, आणि डोळ्यांत शिंतोडा गेल्यास भरपूर स्वच्छ पाण्याने सतत धुवून डॉक्टरांकडे जावे. मिक्सर फिरत असताना त्यात फावडे किंवा हात घालू नये, सैल कपडे आणि उपरणे बाजूला ठेवावे.

पाणी मारणे

बोटाचा ठसा उमटेनासा झाला की ओले गोणपाट अंथरावे आणि दुसऱ्या दिवशी कडेने वाळूचे किंवा मातीचे बांध घालून वाफे करून त्यांत इंचभर पाणी भरावे. वाळलेले काँक्रीट आणि पक्के झालेले काँक्रीट या दोन वेगळ्या गोष्टी आहेत: सिमेंटला घट्ट व्हायला ओल लागते आणि ती मध्येच तुटली तर क्रिया थांबते. सकाळ-संध्याकाळ बादलीभर पाणी शिंपडणे म्हणूनच पुरेसे नसते. दुपारी कोबा पांढरा पडला, म्हणजे पाणी कमी पडले. भारतीय मानक ४५६ नुसार साध्या ओपीसी सिमेंटसाठी किमान ७ दिवस आणि पीपीसीसारख्या मिश्र सिमेंटसाठी किमान १० दिवस सतत ओल हवी, कोरड्या आणि कडक उन्हात हेच दिवस १० आणि १४ होतात. दुकानात बहुतेक वेळा पीपीसीच मिळते, म्हणून सरसकट १४ दिवस धरावेत. विहीर आटलेली असताना किंवा टँकरवर गाव चालत असताना हे काम काढूच नये, दिवाळीनंतरचे दोन-तीन महिने सर्वांत सोयीचे. उन्हाळ्यात करावेच लागले तर पहाटे सुरुवात करावी आणि दारे-खिडक्यांना पोती लावून वारा अडवावा.

दुसऱ्या दिवशी हलक्या पावलांनी चालता येते, आठवड्याने खाट-कपाट ठेवता येते, पण पोत्यांची थप्पी, गाडी किंवा वरून फरशी बसवण्याचे काम यांसाठी २८ दिवस थांबावे. दोन्ही बाजू समपातळीत असलेली केसासारखी भेग दिसली तर सिमेंटची पातळ पेस्ट घासून भरावी. एक बाजू खाली गेलेली असेल तर भरणी बसलेली आहे, आणि वरून काहीही भरले तरी ती पुन्हा उघडेल. तेथे तो भाग तोडून खालचा मुरूम नव्याने ठोकावा लागतो. काठीने ठोकून पाहिल्यावर एखाद्या ठिकाणी पोकळ आवाज आला, तर तेवढ्या जागेवर जड वस्तू ठेवू नये आणि एक पावसाळा गेल्यावर ती जागा पुन्हा ठोकून पाहावी.